दोरीवर नसलेलं लाल फडकं

झाडे मास्तरांना आम्ही फसवलं. आम्ही म्हणजे त्यांच्या ओसरीवर रोज संध्याकाळी बसणारे आठ जण, आणि सगळ्यांत आधी मनोहरराव, त्यांचे थोरले शिष्य. मास्तर गेल्या महिन्यात गेले. धरमपेठेतल्या शोकसभेत मनोहररावांनी सांगितलं, "मास्तर जिवंतपणीच उजेडापलीकडे पोचले होते." लोकांनी माना डोलावल्या. मी भांडायला म्हणूनच गेलो होतो, पण तसाच उठून आलो. आता भांडायचाही कंटाळा येतो... म्हणून लिहितो आहे.

वीस वर्षांपूर्वी मी हातगाडीवर संत्री विकायचो. दिवस मावळला की गॅसबत्तीला नारिंगी जिलेटिनचा कागद गुंडाळायचो. त्या उजेडात हिरवट माल पिकलेला दिसे. एकदा शाळेत चित्रकला शिकवणारे झाडे मास्तर गाडीपाशी थांबले. संत्र्यांकडे न बघता बत्तीकडेच बघत राहिले.

"काहून गा, बत्तीले सदरा काहून घातला?"

"घ्यायची तर घ्या, नाही तर पुढं व्हा," मी भडकलो.

"घेतो ना. डझनभर दे. सकाळी यांचा रंग काय निघते ते पाहतो."

दुसऱ्या दिवशी ते पिशवी घेऊन हजर. आता हा माणूस माल परत करणार, म्हणून मी बाह्या सरसावल्या. त्यांनी फक्त एक संत्रं गाडीवर ठेवलं. "काल हे पिवळं होतं, आज हिरवं आहे. मंग याचा रंग कोणता गा? मी म्हणतो, याचा नाहीच. उजेडाचा आहे. संध्याकाळी घरी ये, दाखवतो."

मास्तरांचे आजोबा रामटेककडचे रंगारी. आयुष्यभर कापडं रंगवून ते या मताला आले होते की रंग कापडाचा नसतो. उजेड तो देतो आणि जाताना काढून नेतो. या विचाराला घरात उजेडमार्ग म्हणत. पांढऱ्या भिंतीपुढे दोरीवर सात रंगांची सात फडकी टांगायची, दिवा लावायचा नाही, आणि एकेक रंग जाताना पाहत बसायचं. लाल सगळ्यांत आधी काळा पडतो, निळा शेवटपर्यंत रेंगाळतो. नियम एकच... आपल्या डोळ्यांना दिसेल तेवढंच बोलायचं. मास्तर म्हणत, "तुझा राग लालच आहे. नुसता बसून राह्य. संध्याकाळी तोच पहिला जाते." आणि जायचा, घटकाभर का होईना. बायको मला स्वतःहून बैठकीला पिटाळायची. म्हणायची, तेवढंच घर शांत.

याच मार्गात एक वचन होतं. साधना पिकली की रंग डोळ्यांना लवकर सोडतात. त्या वचनानं मास्तरांचा घात केला.

तीन वर्षांपूर्वी मास्तर आमच्याआधी बोलू लागले. आम्हाला पिवळा स्वच्छ दिसत असे आणि ते म्हणत, निळाही गेला. मनोहररावांनी त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं. बाहेरगावचे लोक दर्शनाला यायला लागले. एक दिवस काकूंनी, म्हणजे मास्तरांच्या पत्नीनं, मला दारातच गाठलं. "भाऊ, हे ताटातली भाजी चाचपून राहिले. रांजणाले धडकले. मनोहरराव म्हणते, साधना आहे, कोणाले सांगू नका. असं असते का गा भाऊ?"

मी बाजारात वाढलेला माणूस. पारखल्याशिवाय काही मानत नाही. त्या संध्याकाळी बैठकीआधी मी लाल फडकं दोरीवरून काढलं आणि खिशात घातलं. डाव्या टोकाला रिकामी जागा होती. सगळ्यांना दिसत होती. थोड्या वेळानं मास्तर शांतपणे म्हणाले, "लाल गेला." मनोहररावांनी त्या रिकाम्या जागेकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "हो मास्तर, गेला." मग एकेक जण म्हणत गेला, गेला, गेला... आठवा मी. माझी मूठ खिशात होती. मीही म्हणालो, गेला.

त्यानंतर आठ महिन्यांनी मास्तर ओसरीच्या पायरीवरून पडले, तेव्हा कुठे मी त्यांना सायकलरिक्षात घालून डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. काचबिंदू. डॉक्टर म्हणाले, गेलेली नजर परत येत नाही. आधी आणलं असतं तर उरलेली राखता आली असती. येताना रिक्षात मास्तर एवढंच बोलले, "म्हणजे माझं काही पिकलं नव्हतं." त्यानंतर ते बैठकीत कधी बसले नाहीत. मनोहररावांनी बैठक आपल्या घरी नेली.

मास्तर जाण्याच्या चार दिवस आधी मी संत्री घेऊन त्यांच्याकडे गेलो. मास्तरांनी एक संत्रं तळहातावर तोललं, हुंगलं आणि म्हणाले, "आता बत्तीले सदरा घालून काही उपयोग नाही गा." मी हसलो. ते नाही हसले. "ते लाल फडकं तूच काढलं होतं ना? हिनं सांगितलं, त्या दिवसापासून सहाच आहेत."

"हो मास्तर."

"मंग भांडला काहून नाही? एका संत्र्यासाठी गिऱ्हाइकाची गचांडी धरतो तू."

मी एक संत्रं सोलून त्यांच्या हातावर ठेवलं. त्यांचं मन मोडेल म्हणून गप्प बसलो, असं मी स्वतःला सांगतो. पण आठ महिने? आठवा नंबर लागला म्हणून सातांच्या मागं लपलो, हेच खरं असावं.

काकू अजूनही दर आठवड्याला सहा फडकी धुऊन दोरीवर टांगतात. डाव्या टोकाची जागा मोकळी सोडतात. सातवं माझ्या गादीखाली घडी करून ठेवलेलं आहे. येत्या रविवारी मी ते परत नेऊन टांगणार आहे आणि काकूंसमोर माझा जबाब देणार आहे. मनोहरराव, तुम्हीही या. दिवस मावळायच्या आत या, उजेड असताना. त्या जागी काहीच नव्हतं, तुम्ही ती पाहिली होती, तुमचे डोळे शाबूत होते. मग "गेला" का म्हणालात, ते त्या बाईच्या तोंडावर सांगा.