नळासारखं बोलणारी माणसं

ती मालिकांना आवाज जोडायची. स्टुडिओत तिला सगळे ‘कानसेन’ म्हणत. एक भाग तिने हट्टाने वेगळाच केला. त्यात माणसं बोलायला तोंड उघडत आणि बाहेर पडे नळाची धार नाहीतर पत्र्याची खडखड. टीव्ही बिघडला म्हणून प्रेक्षकांनी फोन करकरून वाहिनीला भंडावून सोडलं. साहेबांनी तिला फैलावर घेतलं.

तोंड पाडून ती घरी आली, तर सासरे टीव्हीसमोर बसलेले.

“हल्ली मला तुमचं बोलणं अस्संच ऐकू येतं,” ते म्हणाले. “तुला कसं गं कळलं?”

तिला कुठे कळलं होतं? आप्पा मान डोलवत, तेव्हा त्यांना सगळं पटतंय असंच घरात सगळे धरून चालले होते.

स्टूल ओढून ती त्यांच्यासमोर बसली आणि सावकाश म्हणाली, “आप्पा, आता तुम्ही बोला.”