गणपतीच्या स्टेजवर अमाकाची नक्कल

मी जिचा अपमान केला तिचं नाव अमाका. २०१६ च्या गणपतीतला शनिवार, संध्याकाळ, वेलिंग्टनजवळच्या लोअर हटचा कम्युनिटी हॉल. हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईला नाही, आणि ज्यांच्यासोबत वेलिंग्टनच्या रस्त्यांवर वर्णद्वेषाविरुद्ध पत्रकं वाटली त्यांना तर नाहीच.

हो, पत्रकं. ती मीच लिहायचे. ‘गप्प बसणारा प्रत्येक जण सामील आहे’ — हे वाक्य माझं. हसताय? हसा.

अमाका शेजारच्या युनिटमध्ये राहायची. मूळची नायजेरियाची, हॉस्पिटलात एक्स-रे काढायची. आफ्रिकन सिनेमे आणि मालिका दाखवणाऱ्या एका ऑनलाइन सेवेची ती वर्गणीदार होती. रविवारी दुपारी मला हाक मारायची. माझ्या नावाचं वेगळं प्रोफाइलसुद्धा करून दिलं होतं तिनं. कपटी सासवा, गावाकडची जमीन, शहरात जाऊन बदललेला मुलगा — अरे, हे तर आपलंच! नेट अडकलं की पडद्यावरची बाई तोंड उघडं टाकून थिजायची, आणि पुढचा संवाद अमाका स्वतः करून दाखवायची. छाती बडवून, हुंदके देऊन. हे ती फक्त माझ्यासमोर करायची. कळतंय ना, मी काय चोरलं ते?

त्या वर्षी इथल्या मराठी मंडळात तरुणांचं स्किट बसत होतं. तालमीला कुणी हसेना. मग मी सहज अमाकाची नक्कल केली, तर सगळे लोळले. “हेच घे! दुसरं काही नकोच!” — आमचे दिग्दर्शक शिरीषकाका. घेतलं. आईची इरकल डोक्याला गुंडाळली, अगदी अमाकाने तिच्याकडचं डोक्याचं वस्त्र बांधायला शिकवलं होतं तशी. तोंडाला काजळ फासलं. कुणी धरून नाही फासलं. मीच, आरशासमोर, नीट, कानामागेपर्यंत.

आणि कार्यक्रमाला तिला मीच बोलावलं होतं, तालमी सुरू व्हायच्या आधी. नंतर ‘येऊ नकोस’ म्हणता आलं असतं. नाही म्हटलं. वाटलं, मराठीत आहे, तिला काय कळणार? पण हुंदके कुठल्या भाषेत असतात?

हॉल हसत होता. ती तिसऱ्या रांगेत, मांडीवर प्रसादाची डिश. एकटी न हसणारी.

परतताना गाडीत तिनं विचारलं, “ती बाई कोण होती?”

“आमच्या नाटकांतलं जुनं पात्र आहे. हडळ.”

“ओके,” ती म्हणाली. माझ्या कानामागचं काजळ अजून निघालेलं नव्हतं. तिच्या तोंडावर मी तिला हडळ म्हणाले — आणि वर आपल्या संस्कृतीची साक्ष काढली!

पुढच्या रविवारी हाक आली नाही. फोनवर ती सेवा उघडली तर माझं प्रोफाइल गेलेलं. मी तिचं दार वाजवलं? नाही. मी मोर्चासाठी नवं पत्रक लिहीत होते. पुढे ती नोकरी बदलून ख्राइस्टचर्चला गेली. ती सामान गाडीत भरत होती तेव्हा मी पडद्याआड उभी होते.

काका अजून भेटले की म्हणतात, “काय धमाल केली होतीस गं! परत कर की.” ऐका काका. धमाल नव्हती ती. त्या काजळाचा अर्थ हॉलमधल्या इतर कुणाहीपेक्षा मला जास्त ठाऊक होता, तोंड काळं रंगवून काळ्या माणसांची टर उडवण्याच्या जुन्या प्रथेवर मी पत्रक काढलं होतं. तरीही फासलं, कारण टाळ्या हव्या होत्या. बस्स. ‘लहान होतीस’ म्हणू नका. नव्हते.

आणि तुम्ही? मंडळाचा हा अंक हातात घेतलेले, त्या संध्याकाळी समोर बसलेले तुम्ही? स्किटचा व्हिडिओ मंडळाच्या ऑनलाइन पानावर अजून आहे, तुमच्या हसण्यासकट. काढून टाका. आणि का काढून टाकला ते तिथंच लिहा. खाली माझं नाव घाला. मग तुमचं.