दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी अडलेलं टेबल

त्या वेळी मी उकव्याकडच्या एका खाणीच्या वर्कशॉपात मिलिंग मशीन चालवत होतो. जॉब, म्हणजे कापाचा लोखंडी तुकडा, ज्यावर बांधतात ते मशीनचं टेबल लांबीत सरके अन् रुंदीतही, दोन्हीले वेगळी मोटर. मोटरी मात्र सारख्याच, जुळ्या. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी बटन दाबलं, तर टेबल लांबीत झटके देत निघालं अन् मधातच अडलं.

वर्कशॉपभर एकच बोलणं. दसऱ्याले सगळ्यांनी आपापल्या मशीनची पूजा केली होती, मी नव्हती केली. आमच्या घरानं धम्म घेतलेला, पूजाआरती सुटलेली. दसऱ्याच्या आदल्या दिवशी मी मशीन पुसून, तेल देऊन लख्ख केलती, पण हात नव्हते जोडले.

"रुसली ती," आमचा मिस्त्री म्हणाला. वर्कशॉप त्याच्याच शब्दावर चाले. "तुनं हात काहून नाही जोडले? उद्यापासून या मशीनवर दुसरा बसवतो."

माझं टाळकंच सटकलं. या मशीनवर माझा जीव होता. "उद्या ना? मंग आजचा दिवस माझा हाय," मी म्हटलं अन् मेन स्विच पाडला.

दोष मोटरीत की तिले वीज देणाऱ्या पॅनेलात, हे आधी पाहाचं होतं. पॅनेलात दोन्ही मोटरींच्या तारांची अदलाबदल केली अन् स्विच चालू केला. लांबीचं बटन दाबलं, तर टेबल रुंदीत लोण्यावानी सरकलं. रुंदीचं दाबलं, तर लांबीची मोटर तशीच झटके देऊन राह्यली. म्हणजे पॅनेल चांगलं, चोर मोटरीतच! मले असा आनंद झाला का विचारू नका. मोटर बिघडलेली पाहून खूश होणारा येडा मीच एक असन.

पुन्हा स्विच पाडला, मोटरीचं झाकण खोललं. तारांच्या जोडावर ओल अन् चिकट थर. बोट लावून नाकाशी नेलं, खोबऱ्याचा वास. बाजूलेच नारळाच्या शेंडीचा धागा. वर्कशॉपच्या पूजेचा नारळ फोडायले माझ्या मशीनचा लोखंडी कोपरा सोयीचा, अन् मोटर नेमकी त्याच्याखाली; पाणी झाकणाच्या फटीतून आत झिरपलं.

मिस्त्र्याले बोलावून दाखवलं. त्यानं तो धागा चिमटीत धरून पाह्यला. सारे जमले होते.

"नारळ मीच फोडला होता," तो सगळ्यांदेखत म्हणाला.

मी जोड पुसला, बल्बच्या उबेत सुकवला, तारा जागच्या जागी लावल्या. बटन दाबलं. टेबल या टोकापासून त्या टोकापर्यंत सुरळीत गेलं.

"मंग उद्या कोण बसन इथं?" मी विचारलं.

"उद्याचं काय घेऊन बसला?" मिस्त्री म्हणाला. "आजचा जॉब अडला हाय तुझा. लाव."