मोरीतलं गरम पाणी

नातीने कॉलेजासाठी पंधरा मिनिटांचा सिनेमा केला, त्यात माझे हात आहेत. फक्त हात. "तोंड नको, आजी. तुझं तोंड बघून कोण घाबरणार?" म्हणाली.

सिनेमा जिनाचा, म्हणजे मुसलमानांतल्या भुताचा. सगळा मोबाइलवर काढलेला, डगडग हलणारा. एक मुलगी घरात शूटिंग करत असते, तिला जिन धरतो, पुढे तो मोबाइल कुणाला तरी सापडतो आणि आपण बघतो ते त्यातलं, असं सगळं दाखवायचं. मी म्हटलं, "दुसऱ्याचा मोबाइल बघायचाच कशाला गं?" तर हसत सुटली.

गोष्ट तिला मीच दिली होती. घाटकोपरच्या आमच्या चाळीत भिंतीला भिंत लागून माझी मैत्रीण राहते, रत्नागिरीकडची मुसलमान. चाळीस वर्षांचा शेजार. मोरीत गरम पाणी ओतण्याआधी बिस्मिल्ला म्हणायचं, हे मी तिच्याकडून शिकले. मोरीच्या भोकाशी जिनांची पोरंबाळं असतात. न सांगता ओतलं तर ती भाजतात, आणि मग त्यांचे आईबाप सोडत नाहीत. मीही म्हणायला लागले. आपलं काय जातं?

तिची मुलगी एकोणिसाव्या वर्षी गेली. चांगली हसरी पोर, एकाएकी झटके यायला लागले, घोगऱ्या आवाजात बोलायची. डॉक्टर झाले, दर्गे झाले. नंतर कधीतरी, दुपारी भाजी निवडताना, मैत्रीण मला म्हणाली, "बाय, त्या दिवशी भाताचं पाणी मी ओतलं. घाईत. काय बोलले नाय." नवऱ्यालाही तिने हे सांगितलं नव्हतं. आणि मी ते नातीपाशी बोलून बसले. नाव कुठे घेतलं, अशी मनाची समजूत घातली.

वर स्वतःच तिला सिनेमा बघायला बोलावलं! माझे हात आहेत ना, मिरवायचं होतं. शूटिंगला मी फक्त पाणी ओतलं होतं. पुढचं मलाही ठाऊक नव्हतं.

आम्ही तिघी कॉटवर बसलो. मोबाइलवर माझ्या हिरव्या बांगड्या दिसल्या, मोरीतून वाफ वर आली. मैत्रीण हसली, "बाय, हात तुझेच गो." मग आतली मुलगी वळली आणि घोगऱ्या आवाजात म्हणाली, "आई, तू सांगितलं का नाहीस?"

मैत्रिणीने माझ्याकडे बघितलं नाही. माझ्या बांगड्यांकडे बघत राहिली. पडदा काळा झाल्यावर नातीला विचारलं, "पुढं पोरीचं काय झालं?"

"खाला, शूटिंग तिथेच संपतं."

"म्हंजे जगली का मेली?"

"ते दाखवत नाहीत. मजा त्यातच असते."

"बरं हाय. तुमचं संपतं तरी."

पदर सावरून ती उठली. चहा ठेवला होता, तो तसाच राहिला. मी दारापर्यंत गेले. ती गोष्ट कुणाची, हे नातीला मी अजून सांगितलेलं नाही. सांगायचं तर परत तेच सांगावं लागेल.

आमच्या मोऱ्यांमध्ये एकच पातळ भिंत आहे. रोज अकराच्या सुमारास पलीकडून तिचं बिस्मिल्ला ऐकू यायचं, मग पाण्याचा आवाज. आता नुसतं पाणी ऐकू येतं. म्हणत असेल, मनात म्हणत असेल. मी भाताचं पाणी पातेल्यात गार होऊ देते आणि मगच ओतते.