टोपीवाल्या पाव्हण्याचा डाव

माझा जुना फोन अप्पांना दिला तेव्हा त्याच्या काचेला चीर गेलेली होती, बॅटरी जेमतेम दुपारपर्यंत तग धरायची आणि हातात घेतला की जरा विचार करूनच तो उघडायचा. अप्पांना तो लगेच आवडला. म्हणाले, "माझ्यासारखाच हाय. हाक मारल्यावर लगीच उठत न्हाय."

मी बारामतीत चष्म्याच्या दुकानात काम करते. धाकटी बहीण इंदापूरला सासरी असते. आई-अप्पा मधे सणसरला. त्यामुळे आम्हा दोघींच्या बातम्या आधी सणसरला जातात आणि आईनं तिखटमीठ लावलं की मगच पुढं पोचतात. हे सगळं त्या एका फोनवर चालतं. आई फोन घेत नाही. ती अप्पांच्या हातातल्या फोनवर लांबून ओरडते.

फोन देण्याआधी मी त्यातलं माझं सगळं पुसलं, असं मला वाटत होतं. एक गोष्ट राहिली. त्या फोनमध्ये कंपनीनंच एक खेळाची सोय घालून दिली होती. कुठलाही खेळ उघडला की वरून एक पट्टी खाली सरकायची, आपल्या नावानं स्वागत करायची आणि जगातल्या कुठल्यातरी माणसाशी आपली जोडी लावून द्यायची. कॉलेजात असताना मी तिथं खातं उघडलं होतं आणि त्या वयात सुचतं तसलं नाव घेतलं होतं: बारामती क्वीन. ते तसंच राहिलं. पुढं बहिणीनं दिवाळीत अप्पांना वाघ-बकरीचा खेळ घालून दिला, आणि साठी ओलांडलेला, झुपकेदार मिशांचा माझा बाप जगभर बारामती क्वीन म्हणून खेळायला लागला. त्यांना इंग्रजी वाचता येत नाही, आणि मी काही ते सांगायला गेले नाही.

आमचं घराणं मूळचं मेंढरांमागं फिरणारं. आजोबांनी मेंढरं मोडून ऊस लावला, पण अप्पांचं बालपण कळपामागंच गेलं. दुपारी मेंढरं सावलीला बसली की सपाट दगडावर कोळशानं रेघा ओढायच्या, खडे गोळा करायचे आणि वाघ-बकरीचा डाव मांडायचा. एकाकडं चार वाघ, दुसऱ्याकडं कळपभर बकऱ्या. वाघानं उडी मारून बकरी खायची, बकऱ्यांनी वाघाला चारी बाजूंनी कोंडायचं. अप्पा जन्मभर बकऱ्यांकडूनच खेळले. "आपण राखणारी माणसं, आपल्याला वाघ हून कसं चालंल?" असं त्यांचं म्हणणं. त्यांचा जोडीदार म्हणजे त्यांचा चुलतभाऊ. तो मुलाकडं पुण्याला राहायला गेला आणि खड्यांची पुरचुंडी देवळीत पडून राहिली.

अशात फोनमधून पाव्हणा आला. त्याच्या नावापुढं पिवळ्या टोपीचं चित्र होतं, म्हणून तो टोपीवाला पाव्हणा. तो वाघाकडून खेळायचा. त्यानं चाल केली की फोन टिंग करायचा, आणि अप्पा असतील तिथून यायचे. गोठ्यात धार काढत असले तरी कान इकडंच. समोरचा माणूस चाल करून बसलाय आणि आपण त्याला ताटकळत ठेवायचं, हे त्यांच्या रक्तातच नाही. पाव्हण्याबद्दल त्यांनी बरेच अंदाजही बांधले होते. "ह्याची चाल पहाटं येती. ह्याच्याकडं मोटारीला रातची लाईट असणार. शेतकरी माणूस हाय." तो अर्जेंटिनातला दंतवैद्यही असू शकतो, असं मी म्हटलं. त्यावर अप्पा म्हणाले, "असंना. तितं काय ऊस नसतो?"

आई या सगळ्याची यथेच्छ टिंगल करायची. टिंग वाजलं की स्वयंपाकघरातून आवाज यायचा, "अवं, पाव्हणं आलं. च्या टाकू का?" पण मला तिची एक गोष्ट दिसत होती. चहा द्यायला म्हणून ती यायची आणि अप्पांच्या खांद्यामागं जरा जास्तच वेळ उभी राहायची.

मग बहिणीला दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी झालं होतं, हे दुसरं सासरी, इंदापूरला. आईनं डिंक, खारीक, खोबरं आधीच भरून ठेवलं होतं. निरोप आला की दोघांनी निघायचं, एवढंच ठरलेलं. आणि एके दिवशी नेमका तो निरोप येता येता राहिला. तपासणीला नेलं होतं, डॉक्टर म्हणाले थोडा वेळ थांबा, बहिणीला आईशी बोलायचं होतं, आणि सणसरचा फोन सकाळी अकरालाच मेलेला. पाव्हण्याबरोबर पहाटेपासून घनघोर चाललं होतं. जावयानं शेवटी मला दुकानात फोन केला, मी शेजारच्या काकांना केला, काका गोठ्यात जाऊन ओरडले. काही निघालं नाही, संध्याकाळी बहीण घरी आली. पण आई भडकली ती भडकलीच. "पोरीचे दिवस भरत आलेत आणि हितं पाव्हण्याचे डाव चाललेत," असं तिनं मला तीन वेगवेगळ्या सुरांत ऐकवलं.

बॅटरी बदलावी म्हणून मी चौकशी केली, तर या मॉडेलची बॅटरी आता येत नाही, असं दुकानदार म्हणाला. नवा फोन अप्पांना नको होता. पाव्हण्याला सोडून नुसत्या फोनशी खेळा म्हटलं, तर म्हणाले, "यंत्रासंगं काय खेळायचं? ते हारल्यावर तोंड पाडत न्हाय." तेव्हा एकच उपाय उरला. ती खेळाची सोय बंद करायची, म्हणजे टिंग नाही, जोडी नाही, आणि फोन दिवसभर शांत पडून राहील. सुट्टीच्या दिवशी मी बारामती-इंदापूर एसटी धरली आणि मनात दोन मिनिटांचं काम घेऊन सणसरला उतरले.

अप्पांनी फोन मुकाट्यानं माझ्या हातात दिला. "कर बंद. लेकीपरास काय मोठं न्हाय." एवढं समजूतदार वाक्य ऐकून मलाच कसंतरी झालं. मी सेटिंगमध्ये शिरले, खाली खाली सरकत गेले, ते नाव सापडलं, समोरचं हिरवं बटण दिसलं, आणि अप्पांनी माझं मनगट धरलं.

"थांब. डाव अर्धा हाय."

"असू दे की अप्पा. त्याला कळेल."

"काय कळंल? माणूस डावावरनं न सांगता उठला, हेच कळंल."

मग त्यांनी मला रानातला रिवाज सांगितला. डाव चालू असताना मेंढरं उठली तर खेळणाऱ्यालाही उठावंच लागतं. पण अर्धा डाव टाकून कुणी उठत नाही. ज्याला निघायचंय त्यानं डाव देऊन उठायचं, म्हणजे दोन-चार चालींत आपण होऊन हरायचं. समोरचा जिंकतो, निघणारा "येतो" म्हणतो, आणि कुणाच्या मनात काही राहत नाही. त्या फोनवर पाव्हण्याला "येतो" म्हणायची सोय नव्हती. डाव देता येत होता.

"मग द्या की," मी म्हटलं. एसटीची परतीची वेळ माझ्या डोक्यात होती.

पण ते इतकं सोपं नव्हतं. डाव द्यायचा म्हणजे अप्पांना आपल्या हातानं बकऱ्या वाघापुढं सोडायच्या होत्या. रानात डाव द्यायची वेळ नेहमी चुलतभावावरच यायची; अप्पांनी जन्मात कधी केलं नव्हतं ते. बोट काचेवर या बकरीवरून त्या बकरीवर जात होतं. शेवटी डोळे बारीक करून त्यांनी एक बकरी वाघासमोर उघड्यावर आणून ठेवली आणि तोंड फिरवून बसले. पाव्हणा त्या दिवशी नशिबानं फोनला चिकटूनच होता. टिंग झालं. वाघानं बकरी खाल्ली नव्हती. तो मागं सरकला होता.

अप्पांनी दुसरी बकरी दिली. वाघ आणखी मागं गेला. तिसरी दिली तर चारही वाघ कोपऱ्यात गोळा झाले. अप्पांचे डोळे भरून आले. "लई भला माणूस हाय गं. घेत न्हाय. म्हणतोय, जाऊ नगा."

तेव्हा खांद्यामागून आईचा आवाज आला. "भला कसला? त्यो भ्यालाय."

आम्ही दोघांनी वळून पाहिलं. आई हातात कपबशी धरून उभी होती, पण चहाकडं तिचं लक्ष नव्हतं. "इतकं दिस तुमी एक बकरी सुटू दिली न्हाय, आन आज ओळीनं वाटायला लागलाय. त्याला वाटतंय, ह्यात कायतरी कावा हाय. बकरी अशी म्होरं नेऊन ठेवत्यात व्हय? चुकून ऱ्हायल्यावाणी ठिवायची. ही हलवा. न्हाय, ती न्हवं, कडंची. आता तिच्या मागची जागा मोकळी झाली. वाघाला वाटंल, त्याचं त्यालाच सापडलं."

अप्पांनी कडेची बकरी हलवली. टिंग. वाघानं उडी मारली आणि बकरी खाल्ली. आईनं पुढची चाल सांगितली, मग त्याच्या पुढची. वाघ एकेक बकरी टिपत गेला आणि प्रत्येक वेळी आई आधीच सांगायची, आता हितं येतोय बघा. तो तिथंच यायचा. मी फोन, एसटी, सगळं विसरून आईच्या तोंडाकडं बघत राहिले. माझ्या आईला वाघाच्या मनातलं कळत होतं, आणि ही गोष्ट मला या वयात कळत होती.

"आई, तुला येतं हे?"

आईनं कपबशी खाली ठेवली. अप्पा खाकरले. मग आईच म्हणाली, "लगीन झालं त्या साली एकदा ह्यांच्यासंगं बसले व्हते. वाघ माझ्याकडं. ह्यांचे समदे भाऊ बघत व्हते."

"आणि?"

"आणि काय. एक बकरी ठिवली न्हाय."

त्यानंतर अप्पांनी तिच्यासमोर कधी खडे मांडले नव्हते. इतक्या वर्षांत एकदाही नाही. मी अप्पांकडं पाहिलं तर ते फोनकडं फार लक्ष देऊन बघत होते. मला इतकं हसू आलं की मी पदर नसताना तोंडाला पदर लावायला गेले.

पडद्यावर रंगीत फटाके उडाले, पाव्हण्याच्या नावाखाली. अप्पांनी फोनला हात जोडले. "येतो पाव्हणं," म्हणाले, आणि मला खूण केली. मी ते बटण दाबलं. हिरव्याचं करडं झालं. खातं बाहेर काढलं, सूचना बंद केल्या. खेळ परत उघडून पाहिला तर वरची पट्टी पुन्हा विचारायला आली, येताय का म्हणून. नको म्हटलं. पुन्हा आली, पुन्हा नको म्हटलं. मग ती यायची थांबली. बारामती क्वीन आपला डाव देऊन सन्मानानं उठली होती.

पंधरवडा गेला नाही तोच खरा निरोप आला. भरदुपारी आला, आणि फोन पहिल्या रिंगला उचलला गेला. अप्पा आणि आई डिंकाच्या पिशव्या घेऊन दिवेलागणीच्या आत इंदापूरला पोचले. मुलगी झाली. अप्पांनी मला फोनवर फक्त एवढंच सांगितलं की मूठ लई घट्ट हाय, काय दिलं की सोडत न्हाय. मी दुकानात सगळ्यांना पेढे वाटले.

महिनाभरानं ती दोघं सणसरला परतली. एका संध्याकाळी दुकानात मी एका मास्तरांना वाचायचा चष्मा लावून दाखवत होते, तेवढ्यात अप्पांचा फोन आला. आवाज अगदी हळू, मागं म्हशीच्या साखळीचा आवाज. गोठ्यातून बोलत होते.

"कामात हाईस का गं? न्हाय, सहज इचारतो. ते पाव्हण्याचं परत चालू करता येतंय का?"

"का? काय झालं?"

"काय न्हाय. तुझ्या आईनं फरशीवर खडूनं पट आखलाय. देवळीतलं खडं काढल्यात. रोज सांच्याला बसती." जरा थांबले. "वाघ सोडत न्हाय ती."

मागून, लांबून, आईचा आवाज आला. "किती बकऱ्या ऱ्हायल्या ते बी सांगा तिला."

ते बटण परत हिरवं करायला मला अर्धं मिनिट लागलं असतं. फोनवरूनही सांगता आलं असतं. मी म्हटलं, "अप्पा, जुना फोन आहे. एकदा बंद केलं की परत चालू होत नाही."

अप्पांना खरं काय ते कळलं असावं, कारण ते हसले. "बरं झालं मग," म्हणाले. "इलाजच ऱ्हायला न्हाय." आणि मोठ्यानं हाक दिली, "आलो गं, आलो. हात लावू नगं पटाला."

फोन बंद करायला ते विसरले. घरात येऊन तो बहुतेक पटाशेजारी तसाच ठेवला गेला, कारण मला फरशीवर खडे ठेवल्याचा आवाज ऐकू येत होता, मग आईचं हसणं, आणि अप्पांचं चिडून म्हणणं की ही बकरी मी दिली न्हाय, ती चुकून ऱ्हायली. समोर मास्तर नवा चष्मा लावून, पुस्तक हातात धरून माझ्याकडं बघत होते. मी फोन कानाला तसाच धरून त्यांना म्हटलं, "जरा बसा सर, आमच्याकडं डाव चाललाय."