शेवटच्या गल्लीतली फुलं

चावीवाल्यांना नावानं हाक मारणारं आता कोणी उरलं नव्हतं. छत्तीस वर्षं त्यांनी गावाला पाणी सोडलं. खांद्यावर कमरेएवढी लोखंडी चावी घ्यायची, या चौकातला व्हॉल्व्ह उघडायचा, त्या चौकातला बंद करायचा आणि वाटेत भेटेल त्याचं बोलणं खायचं. पाणी कमी आलं, चावीवाले. गढूळ आलं, चावीवाले. अहो, तलावच तळाला गेला तर चावी काय करणार? पण हा माणूस कधी कोणाला उलटून बोलला नाही. निवृत्त झाल्यावरसुद्धा दुपारी डोळा लागला की झोपेत त्यांची मनगटं हळूच वळायची.

लेकीचे दिवस भरत आले तशी बायको तीन महिन्यांसाठी तिच्याकडे निघाली. निघताना गच्चीवरच्या बावीस कुंड्यांसमोर त्यांना उभं करून म्हणाली, "हे बघा, मातीत बोट खुपसायचं. दुसऱ्या पेरापर्यंत कोरडं लागलं तरच पाणी. दुपारी माना टाकल्या म्हणून धावायचं नाही. संध्याकाळी आपोआप उठतात."

"मला पाणी द्यायला शिकवतेस?"

"द्यायला नाही हो. न द्यायला शिकवतेय."

चावीवाले हसले आणि सगळं विसरले.

उन्हाळा नुसता रणरणत होता. भर दुपारी जिन्याच्या दारातून त्यांनी पाहिलं, तर सदाफुली मलूल झाली होती, गलाट्यानं मान टाकली होती, आणि सकाळी लालभडक उमललेला चिनी गुलाब चक्क मिटून बसला होता. चिनी गुलाब ऊन कलायच्या आतच मिटतो, तो त्याचा स्वभावच. यांना मात्र वाटलं, तहानेनं बिचाऱ्याचा जीव जातोय. त्या दुपारी त्यांना स्वप्न पडलं. बावीसच्या बावीस कुंड्या बादल्या घेऊन रांगेत उभ्या आहेत आणि पुढची म्हणतेय, "चावीवाले, आमच्याकडे कधी?" ते दचकून उठले आणि पाइप ओढत गच्चीवर गेले.

मग रोजचंच झालं. सकाळी एकदा, दुपारी एकदा. आता नवी पाइपलाइन आली होती, नळाला दिवसभर पाणी असायचं. तापलेल्या फरशीवर पाणी पडलं की वाफ उठायची, मातीला वास सुटायचा, आणि त्या वाफेत चावीवाले अर्धवट मिटल्या डोळ्यांनी उभे राहायचे. मागणाऱ्याला हवं तेवढं पाणी द्यायचं! छत्तीस वर्षांत हे सुख त्यांना कधी मिळालं नव्हतं. इतकं बरं त्यांना लग्नातही वाटलं नसेल.

पंधरा दिवसांत सदाफुली पिवळी पडली. त्यांनी आणखी पाणी घातलं. चिनी गुलाबाच्या काड्या बुडाशी लिबलिबीत झाल्या. त्यांनी आणखी घातलं. बोगनवेल तेवढी हिरवीगार झाली, नुसती पानंच पानं, फूल म्हणून नाही. शेवटी शेजारची शिंपीण कपडे वाळत घालायला आली होती, तिनं एक रोप उपटून मुळं दाखवली. काळी, कुजलेली.

"चावीवाले, तहानेनं नाही मेली ही. बुडून मेली."

बायकोनं पोरासारखी जपलेली झाडं. तिला कोणत्या तोंडानं सांगायचं? संध्याकाळी त्यांनी फोन लावला, पण कबूल करायचं धैर्य होईना. भलतंच विचारून बसले, "काय गं, तू सगळी असली कोरड्यातली झाडंच का लावलीस?"

पलीकडे नातीचं रडणं चाललं होतं. तिला खांद्यावर थोपटता थोपटता बायको म्हणाली, "मग दुसरं काय लावणार? तुम्ही आपल्या गल्लीचा व्हॉल्व्ह सगळ्यात शेवटी उघडायचात. चावीवाल्यानं आधी आपलं घर भरलं असं कोणी म्हणू नये म्हणून. आपल्याकडे करंगळीएवढी धार यायची. भांडी विसळलेल्या पाण्यावर जे जगलं, ते ठेवलं. बरं, ठेवते हं, हिला भूक लागलीय."

आवाजात तक्रार नव्हती, म्हणून तर ते जास्त लागलं. शेवटची गल्ली हा चावीवाल्यांचा केवढा अभिमान होता! त्या अभिमानाचं पाणी कोणाच्या वाट्यातून गेलं, हे त्यांनी कधी पाहिलंच नव्हतं.

सतरा कुंड्या गेल्या होत्या. उरलेल्या पाचांसाठी ते रोज मातीत बोट खुपसू लागले. बोगनवेलीचं पाणी तोडलं तेव्हा तिची पानं लोंबायला लागली, काही गळाली. पाइप हाताशी, नळाला पाणी, आणि द्यायचं नाही. दोन्ही हात मांडीखाली दाबून ते जिन्यात बसून राहायचे. पेर कोरडं लागलं की एक तांब्या, बस्स. ऊन उतरलं की वेल हळूहळू सावरायची, आणि हे उठून घरात जायचे. दीड महिना असा गेला. मग एका सकाळी फांदीच्या टोकाला राणी रंग दिसला.

बायको परत आली ती सामान टाकून थेट गच्चीवर गेली. वेल टोकापासून बुडापर्यंत रंगली होती आणि बाजूला सतरा कुंड्या रिकाम्या होत्या.

"माझ्या हातून गेली," चावीवाले म्हणाले. "बुडवली मी."

वेलीच्या मातीत तिनं सवयीनं बोट खुपसलं. "हिचं पाणी तोडलंत? तुम्ही?"

"तोडलं. फार जड गेलं गं." त्यांनी रिकाम्या कुंड्यांकडे पाहिलं. "पाणी भरपूर असतं, तर तू काय लावलं असतंस?"

"कर्दळ," ती म्हणाली. विचार करायला तिला क्षणही लागला नाही. मग स्वतःच चपापली आणि पदरानं हात पुसू लागली.

चावीवाल्यांनी एक रिकामी कुंडी ओढली आणि ते खुरप्यानं माती उकरायला बसले. डोळे भरल्यामुळे त्यांना नीट दिसत नव्हतं.

"उद्या आणतो कंद. ढीगभर आणतो," ते म्हणाले.

"आणा," ती त्यांच्या शेजारी बसत म्हणाली. "पण पाणी मी घालणार."