सूर्याचे डाग काढणाऱ्या बाई

बाई सूर्य रोज पाहायच्या, पण सूर्याकडे पाठ करून. सकाळी दहाच्या सुमारास आश्रमशाळेच्या हातपंपाजवळ त्या लाकडी स्टूल मांडत. त्यावर हातभर लांबीची दुर्बीण बांधत आणि तिच्यामागे पुठ्ठ्याला चिकटवलेला पांढरा कागद उभा करत. दुर्बिणीतून आलेला सूर्य त्या कागदावर बशीएवढा उतरायचा. त्यावर काळे ठिपके दिसले की ते पेन्सिलीनं जसेच्या तसे टिपायचे, खाली तारीख आणि वेळ घालायची. दहा मिनिटांचं काम. पण ते चुकलं तर दिवसभर त्या कुणाशी धड बोलत नसत.

शाळा गडचिरोली जिल्ह्यात, कुरखेड्याच्या पुढे, जंगलात. मी वरोऱ्याची. चित्रकला आणि शिवण शिकवायला तिथे रुजू झाले, तेव्हा स्वयंपाकाच्या मावशींनी मला सगळ्यांची ओळख करून दिली. "आनि त्या विज्ञानवाल्या, डाग काढनाऱ्या बाई." मी भाबडेपणानं त्याच संध्याकाळी शाई सांडलेली साडी घेऊन बाईंच्या खोलीवर गेले. बाई इतक्या हसल्या की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. मग त्यांनी खरंच लिंबू चोळून ती साडी धुऊन दिली. म्हणाल्या, "शाईचा निंगते. सूर्यावरचा आपन काढाचा म्हनजे कागदावर काढाचा." त्या दिवसापासून मी त्यांच्यासाठी 'चित्रकला' झाले. नावानं त्यांनी मला कधीच हाक मारली नाही.

डाग कशाचे, हे मी एकदा विचारलं. उत्तर त्यांनी रविवारपर्यंत राखून ठेवलं. रविवारी वसतिगृहातल्या मुलींसह मला नाल्यावर नेलं. जुन्या लाउडस्पीकरमधलं चुंबक कागदात गुंडाळून त्यांनी रेतीत फिरवलं, तशी काळी भुकटी त्याला झुपकेदार चिकटली. आमच्या या भागात नाल्याच्या रेतीतसुद्धा लोखंड आहे. मग ती भुकटी त्यांनी वहीच्या पानावर पसरली आणि पानाखाली चुंबक धरलं. भुकटीच्या रेषा उठल्या, एका टोकातून निघून दुसऱ्या टोकात शिरणाऱ्या.

"सूर्याच्या आत पन असंच हाय," बाई म्हणाल्या. "जिथं या रेषा गर्दी करून वर येतात, तिथं खालची उष्णता अडते. तेवढी जागा आजूबाजूपेक्षा थंडी पडते, म्हनून कारी दिसते. थंडी म्हनजे कशी? लोहाराच्या भट्टीहून लय गरम! डाग म्हनजे घाण नोहे, चित्रकला. सूर्याच्या पोटातलं चुंबक तिथून बाहेर डोकावून राह्यलं."

हे डाग साधारण अकरा वर्षांत वाढतात, ओसरतात आणि पुन्हा उगवतात. असा एक पूर्ण फेरा आपल्या हातानं उतरवायचा, एवढंच त्यांनी ठरवलं होतं. मी आले तेव्हा सहावं वर्ष चालू होतं. तपासणीला आलेल्या एका साहेबांनी विचारलं, "बाई, हे कोणत्या योजनेत बसतं?" बाई म्हणाल्या, "कोनत्याच नाई, साहेब. म्हनून तर नीट चालू हाय."

त्यांचं सगळंच मला आवडायचं असं नाही. मुलींनी दुर्बिणीला हात लावला की त्या अशा ओरडायच्या की पोरी आठ दिवस तिकडे फिरकत नसत. साखरेचा आजार होता, पण गोळ्या आठवण येईल तेव्हा, आणि बाजाराच्या दिवशी जिलेबी न चुकता. मी बोलले की म्हणायच्या, "तू मले शिवण नको शिकवू." त्याचा शुगरशी काय संबंध, ते मला कधी कळलं नाही.

एकदा त्यांना दहा दिवसांच्या प्रशिक्षणाला गडचिरोलीला जावं लागलं. वही माझ्याकडे आली. पहिले काही दिवस मी मन लावून डाग काढले. बुधवारी मात्र बाजारात रमले आणि परत आले तेव्हा ढग भरून आले होते. मला वाटलं, एका दिवसानं काय होतं? मंगळवारचाच डाग मी बुधवारच्या कागदावर उतरवला, छान छाया वगैरे देऊन.

बाई परत आल्या. त्यांनी मंगळवार, बुधवार, गुरुवारचे कागद खिडकीत शेजारी शेजारी ठेवले आणि बराच वेळ पाहत राहिल्या.

"मंगळवारी हा इथं. गुरुवारी हा एवढा सरकला. बरोबर हाय, सूर्य सोताभोवती फिरते, त्याच्यासंगं डाग बी फिरते. पन बुधवारी हा मंगळवारच्याच जागी काऊन? बुधवारी सूर्य थांबला होता काय वो?"

मी तिशीतली बाई, पण त्या क्षणी चौथीतल्या मुलीसारखी उभी होते. त्यांनी खोडरबर घेतलं, माझा तो सुंदर डाग पुसून टाकला आणि रिकाम्या वर्तुळाखाली लिहिलं, 'पाहिले नाही'. मग वही मिटून म्हणाल्या, "असं लिहाले लाज नसते. चाय ठेव."

त्यानंतर सुमारे तीन वर्षांनी, जानेवारीत, मी त्यांच्या कागदांची दुसरी प्रत काढत होते. सलग तीन दिवस मधल्या भागाच्या थोडा डावीकडे एक डाग होता. तो जागचा हलत नव्हता. चौथ्या दिवशी मी मुद्दाम स्टुलाजवळ जाऊन उभी राहिले. कागदावरचा सूर्य तिथं स्वच्छ होता. बाई मात्र त्याच जागी पेन्सिल टेकवून डाग भरत होत्या.

दोन दिवस मी गप्प राहिले. ज्यांनी माझी चोरी पकडली, त्यांना कुठल्या तोंडानं सांगायचं? शेवटी सांगितलं, "बाई, तो डाग मला दिसत नाही."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग एक डोळा झाकला, तो उघडून दुसरा झाकला. शाळेच्या नव्यानं चुना दिलेल्या भिंतीकडे वळून पुन्हा तसंच केलं. मग त्या हातपंपाच्या ओट्यावर बसल्या.

"भिंतीवर बी हाय," त्या हळूच म्हणाल्या. "म्हनजे हा सूर्याचा नोहे. माह्या डोळ्यातला हाय."

मला रडू आलं. त्या उठल्या आणि आधी त्यांनी सगळ्या कागदांवरचा तो डाग पुसला. डॉक्टरकडे जायचं त्यानंतर बोलल्या.

नागपूरच्या डॉक्टरांनी सांगितलं, साखरेमुळे डोळ्याच्या पडद्यावर रक्त उतरलंय, दुसरा डोळाही त्याच वाटेवर आहे, फार उशिरा आलात. लेझर केलं. परतीच्या बसमध्ये हिरवी पट्टी बांधून बाई खिडकीशी बसल्या होत्या. वडशाच्या अलीकडे त्या आपण होऊन बोलू लागल्या.

"एम्मेस्सी झाल्यावर मले संशोधनाले जागा भेटली होती. बाबाले लकवा झाला, म्हनून गेली नाई. हे सूर्याचं नव्हतं वो माह्या मनात. अख्ख्या आकाशगंगेले चुंबकत्व असते. इतकं बारीक, की आपलं लाउडस्पीकरचं चुंबक त्याच्या कोटी पटीनं जोरदार असन. पन ते हजारो प्रकाशवर्षं पसरून राह्यलं. तारे नाईत तिथं बी. हे पहिल्यांदा कोठून आलं, कोनाले पक्कं माहीत नाई. मले त्याच्या रेषा पाहाच्या होत्या. कशा जात असतीन, सरळ का वाकड्या."

"मग सूर्याचे डाग कशाला?" मी विचारलं.

"शाळेतून तेवढंच दिसते ना," त्या म्हणाल्या.

उरलेली दोन वर्षं डाग मी काढले. बाई शेजारी खुर्चीत बसायच्या. "कुठी हाय? जोडीनं हाय का एकटा? काल होता त्याच्यापासून किती सरकला?" मी सांगायची. मुलींना आता त्या दुर्बिणीला हात लावू देत. फेरा पुरा झाला, तेव्हा आम्ही वसतिगृहाच्या लांब खोलीत सगळे कागद ओळीनं मांडले. सुरुवातीचे डाग वर्तुळाच्या मध्यरेषेपासून दूर, वर आणि खाली, आणि वर्षं सरत गेली तसे मध्यरेषेकडे सरकत आलेले. बाई माझा हात धरून त्या ओळीच्या कडेनं एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालल्या. त्यांना कागद दिसत नव्हते. वाटेत कुठं पावसाळ्यातली 'पाहिले नाही'ची रिकामी वर्तुळं आली, ते मात्र त्या बरोबर सांगत होत्या.

निवृत्त होऊन त्या वडशाला भावाकडे राहायला गेल्या. तिथं त्यांना शेवटची भेटले ती हिवाळ्यात. वडशात नाटकांचे फलक चौकाचौकात लागले होते आणि त्यांच्या भावाच्या घरापर्यंत तालमीतली पेटी ऐकू येत होती. पुढच्या पावसाळ्यात बाई गेल्या. नदीला पूर होता, रस्ता बंद होता, मला पोचता आलं नाही.

त्या हिवाळ्यात मी त्यांच्यासाठी एक कापड नेलं होतं. माझ्या भाच्यानं मला एका दूरच्या दीर्घिकेचं चित्र संगणकावरून छापून दिलं होतं. आपल्या आकाशगंगेसारखीच, पण आपण तिला वरून पाहू शकतो अशी. रेडिओ दुर्बिणींनी तिथल्या चुंबकत्वाच्या रेषा मोजलेल्या होत्या. महिनाभर संध्याकाळी बसून मी ती एकेक रेष जाड दोऱ्यानं काळ्या कापडावर भरली. मधोमध गाठींचा पुंजका.

"बाई, हे हातानं पाहा," मी म्हणाले आणि त्यांची बोटं मधल्या गाठींवर ठेवली.

हे काय आहे ते मी सांगितलं नव्हतं. बोटं गाठींवर घुटमळली, मग एक दोरा धरून बाहेर निघाली. दोरा वळत होता तशी वळली. टोकाला पोचून परत मध्यावर आली, दुसरा दोरा धरला, मग तिसरा. त्यांच्या वहिनींनी ठेवलेला चहा गार झाला. बाईंचे ओठ हलत होते. सगळे दोरे गोल वळण घेत, एकमेकांना न ओलांडता, बाहेर जात होते.

दोन्ही तळवे कापडावर सपाट ठेवून त्या थांबल्या. त्यांचा चेहरा मी इतका तरुण कधी पाहिला नव्हता.

"चित्रकला," त्या म्हणाल्या, "मले वाटलंच होतं, असंच असन."